मुलुंडचा शाहीर आणि दोन चित्रपट

मुलुंडच्या झोपडपट्टीत राहणारा एक शाहीर दोन चित्रपटांत दिसतो. पहिल्यात तो गातो. दुसरा पूर्ण झाला तेव्हा तो हयात नव्हता, पण तो चित्रपट सुरूच झाला त्याच्या जाण्यामुळे. पहिला 1985 चा, दुसरा 2011 चा. दिग्दर्शक एकच, आनंद पटवर्धन. विलास घोगरे यांची सिनेमातली कारकीर्द म्हणायची तर एवढीच. ना पोस्टरवर नाव, ना गाण्यांची ध्वनिमुद्रिका, ना गाजलेलं पार्श्वगायन. तरीही मराठी लोकगायक पडद्यापर्यंत कसा पोचतो, बहुतेक वेळा का पोचत नाही आणि पोचल्यावर त्याचं काय होतं, हे सांगायला मला या दोन चित्रपटांइतकं चांगलं उदाहरण दुसरं सापडत नाही.

मी नाहूरला राहतो. ठाण्याकडे निघालं की पुढचंच स्टेशन मुलुंड. मुंबईकडे निघालं की भांडुप, कांजूरमार्ग, विक्रोळी आणि मग घाटकोपर. घाटकोपरच्या पश्चिमेला चिरागनगर, म्हणजे अण्णा भाऊ साठे यांची वस्ती. पूर्वेला द्रुतगती महामार्गाला लागून रमाबाई आंबेडकर नगर. शाहिरीच्या इतिहासातली तीन ठिकाणं अशी एकाच रेल्वेमार्गावर ओळीने आहेत. ऐंशीच्या दशकात नाहूर नावाचं स्टेशनही नव्हतं. लाल बहादूर शास्त्री मार्गावर तेव्हा कारखान्यांचे भोंगे होते, आता टॉवर आणि मॉल आहेत. नव्याने राहायला आलेल्या माणसाला इथे कधी डफ वाजत होता, असं सांगितलं तर खरं वाटणार नाही.

अमेरिकेत शाहिरांसारख्या लोकगायकांना ‘रूट्स’ संगीतकार म्हणतात. म्हणजे मातीतलं गाणारे: ब्लूज, ब्लूग्रास, डोंगराळ भागातली जुनी कथागीतं. त्यांचा आणि सिनेमाचा संबंध फार जुना आहे, आणि सुरुवात काही अभिमानाची नाही. लुइझियानाच्या तुरुंगातून 1934 मध्ये सुटलेला कृष्णवर्णीय गायक लेडबेली बारा तारांची गिटार वाजवायचा आणि त्याला शेकडो गाणी तोंडपाठ होती. लोकगीतांचे संग्राहक जॉन लोमॅक्स यांनी त्याला प्रकाशात आणलं. 1935 मध्ये ‘मार्च ऑफ टाइम’ या वृत्तचित्र मालिकेने दोघांना कॅमेऱ्यासमोर उभं केलं आणि त्यांच्या भेटीचा प्रसंग त्यांच्याकडूनच पुन्हा वठवून घेतला. संवाद लिहून दिलेले. त्यात हा थोर गायक लोमॅक्स यांच्यापुढे अजीजी करणारा, आयुष्यभर चाकरी करीन म्हणणारा गडी म्हणून दिसतो. माणूस खरा, गाणं खरं, प्रसंग बनवलेला. पुढे लवकरच पैशांवरून दोघांचं फाटलं.

याच्या उलट टोकाला राल्फ स्टॅन्ली. व्हर्जिनियाच्या डोंगरांतला हा बँजोवादक आणि गायक आयुष्यभर ब्लूग्रास गात राहिला. 2000 सालच्या ‘ओ ब्रदर, व्हेअर आर्ट दाऊ?’ या चित्रपटासाठी त्याला मृत्यूला उद्देशून असलेलं एक जुनं गाणं गायला बोलावलं. बँजोची साथ घ्यावी असं सुचवलं गेलं होतं. स्टॅन्लीने ते कुठल्याही वाद्याशिवाय, नुसत्या गळ्यावर गाऊन दाखवलं आणि तेच ठेवलं गेलं. 2002 मध्ये, पंचाहत्तरीत, त्याला त्या गाण्यासाठी ग्रॅमी मिळाला. पडद्यावर मात्र तो कुठेही नाही. त्याचा आवाज दुसऱ्याच पात्राच्या तोंडी आहे.

आपल्या विषयाला खरी जवळची आहे ती हेझल डिकन्स. वेस्ट व्हर्जिनियाच्या कोळसा खाणींच्या भागात जन्मलेली, कामासाठी बाल्टिमोरच्या कारखान्यांत गेलेली. तिचा भाऊ खाणकामगारांना होणाऱ्या फुप्फुसाच्या आजाराने गेला, आणि त्यावर तिने गाणं रचलं. केंटकीतल्या खाणकामगारांच्या संपावर बार्बरा कॉपल यांनी ‘हार्लन काउंटी, यूएसए’ हा माहितीपट केला. त्यात डिकन्सची गाणी आहेत. 1976 च्या या माहितीपटाला ऑस्कर मिळालं. पुढे ‘मेटवान’ या 1987 च्या कथापटात, 1920 च्या खाणसंपाच्या गोष्टीत, कबरीपाशी गाणारी बाई म्हणून ती स्वतः दिसते. तिला दुसऱ्या कुणासारखं गायला सांगितलेलं नाही. जशी ती संपाच्या सभांत गात होती तशीच कॅमेऱ्यापुढे गायली. त्यामुळे संप, खाण आणि गाणं एकमेकांपासून वेगळं काढता येत नाही.

आता आपल्याकडे येऊ. मराठी सिनेमाला शाहिराचं आकर्षण सुरुवातीपासून आहे. राजकमलचा ‘लोकशाहीर राम जोशी’ 1947 चा, ‘अमर भूपाळी’ 1951 चा. दोन्हींचं संगीत वसंत देसाईंचं, दोन्ही उत्तम. पण राम जोशी झाले जयराम शिलेदार आणि होनाजी झाले पंडितराव नगरकर. दोघेही कसलेले गायक, पण नाट्यसंगीताच्या वळणाचे. फडावर उभा राहून चार हजार माणसांवर आवाज फेकणाऱ्या शाहिराचा गळा आणि हा गळा यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. चित्रपटाला शाहिराचं चरित्र हवं होतं, त्याचा फेटा हवा होता, त्याच्या लावण्यांची चाल हवी होती. शाहिराचा आवाज हवाच होता असं दिसत नाही. आणि ही सवय सुटलेली नाही. 2023 मध्ये शाहीर साबळे यांच्यावर ‘महाराष्ट्र शाहीर’ निघाला तेव्हाही साबळे साकारायला अंकुश चौधरी होते. चरित्रपटात दुसरं काय होणार, असं कुणी म्हणेल. मान्य. पण मराठीत शाहीर पडद्यावर आला तो मुख्यतः चरित्रपटाचा नायक म्हणूनच, आपल्या पायांवर उभा राहून गाणारा माणूस म्हणून क्वचितच.

डाव्या शाहिरांच्या लाल बावटा कलापथकातल्या दोन मोठ्या नावांचं काय झालं ते पाहा. अण्णा भाऊ साठे यांच्या कथा-कादंबऱ्यांवर चित्रपट झाले. गजानन जागीरदारांचा ‘वैजयंता’ 1961 मध्ये आला, ‘फकिरा’ 1963 मध्ये. म्हणजे सिनेमाने त्यांच्यातला लेखक घेतला, शाहीर घेतला नाही. अमर शेख यांना ‘प्रपंच’मध्ये 1961 साली महत्त्वाची भूमिका मिळाली, कुंभाराची. बार्शीच्या या शाहिराने संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीत मैदानंच्या मैदानं आवाजाने भरून टाकली होती. तो आवाज चालू असताना, समोर जनसागर असताना चित्रित झालेला चांगला तासभर आज आपल्यापाशी असता, तर मी ‘प्रपंच’ आनंदाने त्याच्यावर ओवाळून टाकला असता. 1969 च्या जुलैत अण्णा भाऊ गेले आणि ऑगस्टमध्ये अमर शेख.

याला केवळ निर्मात्यांची उदासीनता कारण नाही. तंत्राचाही भाग आहे, आणि तो समजून घेण्यासारखा आहे.

चित्रपटातलं गाणं आधी स्टुडिओत ध्वनिमुद्रित होतं आणि मग नट त्यावर ओठ हलवतो. या पद्धतीत गाणं आधी कापून-बेतून तयार असावं लागतं. जुन्या 78 फेऱ्यांच्या तबकडीच्या एका बाजूवर साधारण तीन-साडेतीन मिनिटं मावायची, आणि चित्रपटगीताची लांबी त्या मापावरच ठरत गेली. पोवाड्याची प्रकृतीच वेगळी. शाहीर पुढे, हातात डफ. मागे ढोलकी, तुणतुणं, झांज आणि सूर धरून ठेवणारे झीलकरी. शाहीर दोन कडवी गातो, थांबतो, गद्यात बोलतो, समोरच्या माणसाला टोमणा मारतो, टाळी पडली की तीच ओळ पुन्हा घेतो, आणि मग लय चढवतो. आज पाऊण तास चाललेला पोवाडा उद्या दुसऱ्या वस्तीत सव्वा तास चालेल. समोर कोण बसलंय यावर ते ठरतं. स्टुडिओच्या बंद खोलीत, काचेपलीकडच्या एका तंत्रज्ञाकडे बघत, त्याला ‘माइकपासून जरा लांब या’ म्हणायचं आणि साडेतीन मिनिटांत आटपायला सांगायचं, म्हणजे पोवाड्याचं फक्त साल उरतं.

वाद्यांचंही तसंच. डफ आणि हलगी ही कातड्याची वाद्यं, हवा दमट झाली की सैल पडतात. म्हणून वाजवणारे आधी कागद-काटक्या पेटवून कातडं शेकतात. बोटाने टिचकी मारून पाहतात, पुन्हा शेकतात. टणत्कार आला की मगच उठतात. तुणतुण्याला एकच तार, खाली कातड्याने मढवलेलं लाकडी नळकांडं. ते राग-बिग काही वाजवत नाही. शाहिराला सूर आणि लय एकाच वेळी देत राहतं. सिनेमाच्या वाद्यवृंदात या वाद्यांना जागा मिळाली, पण चव आणण्यापुरती. ढोलकी तर हिंदी-मराठी सिनेमाने भरपूर वापरली. मुंबईतल्या ढोलकीवादकांनी स्टुडिओत आयुष्यं काढली. त्यांची नावं मात्र श्रेयनामावलीत शोधून सापडत नाहीत.

माहितीपटाची गोष्ट निराळी. तिथे आवाज आणि चित्र जागेवरच एकत्र टिपतात. पण फिल्मच्या काळात त्यालाही मर्यादा होती. सोळा मिलिमीटरच्या कॅमेऱ्यात चारशे फुटांचा रीळ बसायचा आणि तो सुमारे अकरा मिनिटांत संपायचा. फिल्म महाग, धुलाई महाग. अख्खा पोवाडा टिपण्याची चैन कुणाला परवडणार? पुढे व्हिडिओ आला, तासाभराची टेप आली, आणि कॅमेरा न थांबवता जलसा ऐकत उभं राहणं दिग्दर्शकाला शक्य झालं. घोगरे यांच्या दोन चित्रपटांमधल्या सव्वीस वर्षांत हाही बदल घडलेला आहे, आणि तो दोन्हींच्या लांबीत दिसतो.

पहिला चित्रपट ‘बॉम्बे: अवर सिटी’, हिंदीत ‘हमारा शहर’. त्याची पार्श्वभूमी अशी: जुलै 1981 मध्ये, भर पावसाळ्यात, मुख्यमंत्री अंतुले यांनी पदपथांवर राहणाऱ्यांना हटवून त्यांच्या मूळ गावी पाठवण्याचा हुकूम काढला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. ओल्गा टेलिस खटला म्हणून तो कायद्याच्या प्रत्येक विद्यार्थ्याला माहीत असतो. निकाल जुलै 1985 मध्ये लागला. जगण्याच्या हक्कात उपजीविकेचा हक्क येतो असं न्यायालयाने म्हटलं, आणि तरीही रीतसर सूचना देऊन झोपड्या हटवायला मुभा दिली. या सगळ्या काळात पटवर्धन मुंबईतल्या पाडकामाचं चित्रण करत होते. एकीकडे झोपड्यांवर चालणारे बुलडोझर, दुसरीकडे शहर सुंदर करायला निघालेल्या बड्या मंडळींच्या मुलाखती. आणि या दोन्हींच्या मध्ये विलास घोगरे यांचं गाणं.

गाणं हिंदीत आहे. मुंबईच्या वस्त्यांत भाषा एक नसते आणि शाहिराला सगळ्यांपर्यंत पोचायचं असतं, म्हणून हिंदी. कष्टकऱ्याची कहाणी जवळ येऊन ऐका, एवढंच त्यातलं आवाहन. शब्द साधे आहेत, चाल जुनी वाटते आणि आवाजात कळवळा असला तरी रड नाही. मी हा माहितीपट पाहिला तेव्हा त्यातल्या मुलाखती पुढे अंधूक झाल्या, गाणं राहिलं. ते पार्श्वसंगीत म्हणून वापरलेलं नाही, हे त्याचं कारण असावं. गाणारा माणूस समोर आहे, आणि ज्यांची घरं पडली त्यांच्यातलाच आहे. हेझल डिकन्सच्या बाबतीत जे झालं तेच इथे, त्याच दशकभराच्या अंतरात, मुंबईत झालं.

या चित्रपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. 1986 मध्ये नरिमन पॉइंटजवळची संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली तेव्हा तिथल्या रहिवाशांसाठी पटवर्धन आणि शबाना आझमी उपोषणाला बसले होते. रहिवाशांना अखेर गोरेगावच्या बाजूला पर्यायी जागा मिळाली. चित्रपटातून बाहेर पडून दिग्दर्शक रस्त्यावर आला, असं हे दुर्मीळ उदाहरण. घोगरे मात्र मुलुंडच्या आपल्या झोपडीतच राहिले. माहितीपटाने कुणाचं घर चालत नाही, दिग्दर्शकाचंही नाही, आणि त्यात गाणाऱ्याचं तर नाहीच.

घोगरे हे ‘आव्हान नाट्य मंच’ या डाव्या विचारांच्या सांस्कृतिक गटातले कलावंत होते. संभाजी भगत हे त्याच गटातले सहकारी. दलित घरातला माणूस, मार्क्सवादी गटात गाणारा. दोन्ही ओढी एकाच गळ्यात. मराठी शाहिरीत हे नवं नाही. सत्यशोधकी जलशांतून आंबेडकरी जलसे निघाले, भीमराव कर्डकांसारख्यांनी ते गावोगाव नेले. वामनदादा कर्डक यांच्यासारखा कवी भीमगीतं लिहीत असतानाच ‘सांगत्ये ऐका’ या 1959 च्या तमाशापटासाठीही गीत लिहून गेला. दुसरीकडे अण्णा भाऊ, अमर शेख, गवाणकर यांनी 1944 मध्ये लाल बावटा कलापथक उभं केलं. निळा आणि लाल, हे दोन झेंडे या लोकलमार्गावरच्या प्रत्येक वस्तीत शेजारी-शेजारी फडकत आले आहेत, आणि एकमेकांवर रुसतही आले आहेत. घोगरे यांना अखेरच्या काळात त्यांच्या संघटनेने दूर केलं होतं.

11 जुलै 1997 च्या सकाळी रमाबाई आंबेडकर नगरातल्या डॉ. आंबेडकरांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. लोक महामार्गावर जमले. राज्य राखीव पोलीस दलाच्या तुकडीने गोळीबार केला. दहा माणसं मेली. न्यायमूर्ती गुंडेवार आयोग नेमला गेला. गोळीबाराचा हुकूम देणारा उपनिरीक्षक मनोहर कदम याला 2009 मध्ये सत्र न्यायालयाने दोषी धरून जन्मठेप दिली, आणि पुढे उच्च न्यायालयाने त्याला जामीन दिला.

घोगरे रमाबाई नगरात जाऊन आले होते. त्यानंतर काही दिवसांतच, त्याच जुलै महिन्यात, त्यांनी मुलुंडच्या घरी आपलं आयुष्य संपवलं. जाण्याआधी डोक्याला निळा कपडा बांधला आणि आंबेडकरी जनतेच्या एकजुटीचा जयजयकार लिहून ठेवला. आयुष्यभर लाल बावट्याखाली गायलेल्या माणसाने शेवटी निळा का बांधला, हा प्रश्न पटवर्धनांना सोडेना. त्यांनी कॅमेरा उचलला. तो खाली ठेवायला चौदा वर्षं लागली.

हा दुसरा चित्रपट, ‘जयभीम कॉम्रेड’, तीन तासांहून मोठा आहे. घोगरे यांचं 1985 च्या चित्रपटासाठी टिपलेलं गाणं त्यात परत येतं. तेच चित्रण, तोच आवाज. पण आता ऐकणाऱ्याला पुढचं सगळं माहीत आहे. त्यानंतर चित्रपट रमाबाई नगरातल्या मृतांच्या घरी जातो, खटल्याच्या तारखांना जातो, 6 डिसेंबरला चैत्यभूमीवर जातो, सफाई कामगारांबरोबर हिंडतो, खैरलांजी हत्याकांडानंतरच्या संतापाशी थांबतो. आणि सतत गाणी ऐकतो. कव्वालीच्या अंगाने जाणारी भीमगीतं, ओट्यावर बसून गाणाऱ्या बाया, संभाजी भगत यांची धारदार शाहिरी. शेवटच्या भागात पुण्याच्या कबीर कला मंचाची शीतल साठे येते. तिचं गाणं आणि तिच्या आईची मुलाखत हा माझ्या मते चित्रपटाचा सर्वांत मोलाचा भाग आहे. मुलगी बंडाचं गाणं गाते, आई देवाधर्माची, आणि दोघींमध्ये जे चाललं आहे ते कुठल्याही पटकथाकाराला लिहिता आलं नसतं.

एक तक्रार मला करायची आहे. इतक्या लांबीच्या चित्रपटात घोगरे यांच्या गाण्याबद्दल फारसं काही कळत नाही. ते कुठून शिकले, चाली कशा बांधायचे, वही ठेवायचे की तोंडपाठ, कोणत्या शाहिराचं वळण त्यांच्यात उतरलं होतं? चित्रपट त्यांच्या मरणाचा अर्थ शोधतो, कलेचा कमी. हा दोष पटवर्धनांचा एकट्याचा नाही. 1985 मध्ये कुणाला ठाऊक होतं की या माणसाची अशी चौकशी पुढे करावी लागेल? गाताना टिपलेलं तेवढं उरलं. पण लोकगायक माहितीपटात येतो तो बहुधा साक्षीदार म्हणून, संगीतकार म्हणून नाही, ही गोष्ट खरी. लेडबेलीला गडी केलं गेलं, आपल्याकडे शाहिराला हुतात्मा केलं जातं. पहिला अपमान आहे आणि दुसरा गौरव, पण दोन्हींत वाद्य आणि गळा मागे पडतो.

चित्रपटाचं पहिलं मोठं सार्वजनिक प्रदर्शन जानेवारी 2012 मध्ये भायखळ्याच्या बीआयटी चाळीत झालं. मोठ्या पडद्यावर, उघड्यावर, चाळकऱ्यांसमोर. मल्टिप्लेक्सच्या आधी वस्ती, हा क्रम शाहिरीला शोभणारा होता. जिथून गाणी आली तिथेच ती परत गेली.

कबीर कला मंचावर 2011 मध्ये नक्षलवादी संबंधांचे आरोप झाले आणि त्यातले कलावंत भूमिगत झाले. एप्रिल 2013 मध्ये शीतल साठे आणि सचिन माळी विधान भवनासमोर गाणी म्हणत हजर झाले. गरोदर असलेल्या शीतलला त्याच वर्षी उच्च न्यायालयाकडून जामीन मिळाला, माळी यांना तो 2017 मध्ये सर्वोच्च न्यायालयाकडून. या सगळ्यावर मत काहीही असो. गाणं पुरावा होऊ शकतं का, हा प्रश्न त्या वर्षांत न्यायालयाच्या आवारात खरोखर उभा होता.

आणि त्याच वर्षांत एक तरुण दिग्दर्शक नेमक्या त्या प्रश्नावर कथापट करत होता. चैतन्य ताम्हाणेचा ‘कोर्ट’ 2014 मध्ये आला. व्हेनिसला दोन पुरस्कार, सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार, आणि भारतातर्फे ऑस्करसाठी निवड. त्यात नारायण कांबळे नावाचा म्हातारा लोकशाहीर आहे. मुलांच्या शिकवण्या घेतो, संध्याकाळी वस्तीत गातो. त्याच्या गाण्यामुळे एका गटार सफाई कामगाराने जीव दिला, असा आरोप ठेवून पोलीस त्याला मंचावरूनच पकडून नेतात. पुढे नुसत्या तारखा. चित्रपटातली गाणी संभाजी भगत यांची आहेत, आणि कांबळे साकारणारे वीरा साथीदार नागपूरचे आंबेडकरी कार्यकर्ते, ‘विद्रोही’चे संपादक. व्यावसायिक नट नव्हे. कामगाराच्या विधवेची भूमिका करणाऱ्या उषा बाने यांचे पतीही सफाई कामगार होते आणि तेही असेच गेलेले. साथीदार एप्रिल 2021 मध्ये कोविडने गेले.

शाहिराचं गाणं आधी तयार करून त्यावर ओठ हलवून भागत नाही, हे ‘कोर्ट’ने बरोबर ओळखलं. कॅमेरा लांब ठेवला आहे, मंच अख्खा दिसतो, मागचे झीलकरी दिसतात, समोरच्या खुर्च्या दिसतात, आणि गाणं चालू दिलं आहे. राम जोशींवरच्या चित्रपटानंतर सदुसष्ट वर्षांनी मराठी कथापटाला शाहीर जसा असतो तसा दाखवता आला. त्यासाठी नट बाजूला ठेवावा लागला आणि शाहिरी जगणाऱ्या माणसांना आत घ्यावं लागलं. माझ्या मते ‘कोर्ट’ हा ‘जयभीम कॉम्रेड’चा थेट वारस आहे, आणि म्हणून मुलुंडच्या घोगरे यांचाही.

व्यावसायिक सिनेमाचा रस्ता बंद नाही. प्रल्हाद शिंदे यांच्या घराण्यातले आनंद शिंदे आणि त्यांचा मुलगा आदर्श मराठी चित्रपटांत भरपूर गातात आणि गाजतात. तो भरदार, उघडा गळा आता निर्मात्यांना हवाहवासा वाटतो. पण त्यांना ही ओळख सिनेमाने दिली नाही. आधी कॅसेटने दिली. एचएमव्हीपासून रस्त्यावरच्या छोट्या कंपन्यांपर्यंत सगळ्यांनी भक्तिगीतं आणि भीमगीतं विकली. ज्यांचा आवाज तबकडीवर आणि रुपेरी पडद्यावर कुणी घेतला नाही, त्यांना त्या तीस-चाळीस रुपयांच्या कॅसेटने घराघरात नेलं.

म्हणूनच शेवटी सांगायचं ते कॅसेटबद्दल. रमाबाई नगरात आता एमएमआरडीए आणि झोपडपट्टी पुनर्वसन प्राधिकरणाची पुनर्विकास योजना सुरू आहे. भांडुप, मुलुंड, विक्रोळीतही जुन्या चाळी आणि वस्त्या रिकाम्या होत आहेत. घर बदलताना माळ्यावरच्या खोक्यांतल्या कॅसेट आधी भंगारात जातात. त्यांत जयंतीच्या रात्रीचा एखादा जलसा, मंडळाने टेपरेकॉर्डर लावून घेतलेला एखादा पोवाडा असण्याची शक्यता चांगली आहे, आणि तशी दुसरी प्रत जगात कुठेही नसेल. चुंबकीय फीत दमट हवेत बुरशी धरते, म्हणून ती फार काळ टिकत नाही. आपल्या घरात, मंडळाच्या कपाटात अशी कॅसेट असेल तर टाकू नका. कोरड्या जागी ठेवा, ओळखीच्या ध्वनिमुद्रण करणाऱ्याकडून ती संगणकावर उतरवून घ्या, आणि वर गाणाऱ्याचं नाव, वस्ती आणि साल लिहायला विसरू नका.